नोंदवहीचे पहिले पान

१

रानावनावर, पशुपक्ष्यांवर किंवा आडवळणाच्या लोकजीवनावर लिहिलेले मराठी पुस्तक परीक्षणासाठी हाती आले की आपल्याकडची लेखणी ठराविक वळणाने धावू लागते. लेखक निसर्गाशी ‘समरस’ झालेला असतो, त्याची वर्णने ‘चित्रदर्शी’ असतात, त्याला रानाचे ‘वेड’ लागलेले असते आणि शहरी वाचकाला तो ‘एका अनोख्या विश्वात’ घेऊन जातो. गेली तीस-पस्तीस वर्षे मी अशी परीक्षणे वाचत आलो आहे. त्यांत कौतुक पुष्कळ असते आणि बहुतेक वेळा ते योग्यही असते. पण एक प्रश्न मात्र त्यांत विचारलेला मला क्वचितच आढळला. तो असा, की हे सारे जाणून घेण्यासाठी लेखकाने तिथे जाऊन नेमके काय केले? घरट्याच्या किती जवळ तो गेला? त्याला वाट कोणी दाखवली आणि त्या वाटाड्याचे नाव पुस्तकात आहे काय? ‘पाहिले’ म्हणून जे सांगितले आहे ते त्याने स्वतः पाहिले, की कोणाकडून ऐकले? त्याच्या जाण्याने त्या जागेचे काय झाले?

हे प्रश्न नीतीचे आहेत, वाङ्मयाचे नव्हेत, असा आक्षेप यावर घेतला जाईल. फडके-खांडेकरांपासून चाललेल्या कलावाद-जीवनवादाच्या जुन्या तालमीत पुन्हा उतरण्याची माझी इच्छा नाही. माझे म्हणणे याहून साधे आहे. उघड्या रानात जाऊन जे ज्ञान मिळवले जाते, त्यामागची जबाबदारी लेखकाने कितपत पाळली हे त्याच्या वाक्यावाक्यांत उमटते. क्रियापदात उमटते, कर्त्यात उमटते. म्हणून ती जबाबदारी तपासणे हे समीक्षेचेही काम आहे.

क्षेत्रात जाऊन अभ्यास करणारा माणूस, मग तो प्राणिशास्त्रज्ञ असो, पुरातत्त्वज्ञ असो की लोकसाहित्याचा संग्राहक असो, एक नोंदवही बाळगतो. तिच्या पहिल्या पानावर तारीख, वेळ, जागा, आभाळ कसे आहे, बरोबर किती जण आहेत, परवानगी कोणाची घेतली आणि परत कधी यायचे, एवढे लिहिलेले असते. पुढच्या पानांवर पाहिलेले वेगळे, ऐकलेले वेगळे आणि स्वतःचा तर्क वेगळा. या नोंदी जागेवरच करायच्या, शक्यतो शिसपेन्सिलीने, कारण पावसात शाई पसरते. रात्री मुक्कामावर आठवून लिहिलेल्या नोंदीत लेखकाची आवड हळूच मिसळते, हे जुनेजाणते लोक सांगत आले आहेत. पुस्तक म्हणजे नोंदवही नव्हे, हे उघड आहे. पण चांगल्या पुस्तकाच्या खाली ती नोंदवही असते आणि लक्षपूर्वक वाचणाऱ्याला ती जाणवते. काही ओळखीची पुस्तके या कसोटीला लावून पाहावीत, असा या लेखाचा हेतू आहे.

२

सुरुवात सलीम अलींपासून करणे सोयीचे आहे. त्यांचे आत्मचरित्र १९८५ साली इंग्रजीत आले, आणि त्याच्या नावातच एका चिमणीचे पडणे आहे. खेतवाडीतल्या या मुलाने छऱ्याच्या बंदुकीने एक चिमणी पाडली. तिच्या गळ्यावर पिवळा डाग दिसला, म्हणून तो ती घेऊन मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीत मिलार्डसाहेबांकडे गेला, आणि भारताच्या पक्षिशास्त्राला त्याचा सर्वांत मोठा अभ्यासक मिळाला. ही हकीकत शाळेतल्या मुलांनाही माहीत असते.

मला महत्त्वाची वाटते ती ही हकीकत सांगण्याची रीत. सलीम अली बंदूक लपवीत नाहीत आणि मिरवीतही नाहीत. संग्रहालयासाठी पक्षी मारून त्यांची कातडी भरून ठेवणे ही त्या काळच्या शास्त्राची सर्वमान्य पद्धत होती. ओळख पक्की करायला दुसरा मार्ग नव्हता. लेखक ते सरळ सांगतो. मात्र याच माणसाने १९३० साली अलिबागजवळ किहीमला सुगरणीच्या वसाहतीचा अभ्यास केला, तेव्हा त्याचे मुख्य साधन बसून राहणे हे होते. आडोशाला बसून, दिवसामागून दिवस, कोणता नर कोणते घरटे विणतो, कोणती मादी येऊन पाहते आणि पसंत करते, हे त्याने टिपले. नर अर्धे घरटे बांधून थांबतो, मादीने ते स्वीकारले की पुरे करतो आणि मग दुसऱ्या घरट्याला हात घालतो, हा शोध बंदुकीने लागणारा नव्हता. मेलेला नर काही विणीत नाही. पुढे, १९५९ नंतरच्या काळात, सोसायटीने पक्ष्यांच्या पायांत वाळे घालून त्यांना पुन्हा सोडून देण्याचे मोठे काम हाती घेतले, त्यामागेही सलीम अलीच होते.

बंदुकीपासून वाळ्यापर्यंतचा हा प्रवास एका शास्त्राचा आहे, तसाच तो एका गद्यशैलीचाही आहे. जे केले त्याचा हिशेब मांडलेला असल्यामुळे आज आपण त्याच्याशी मतभेद व्यक्त करू शकतो. हिशेबच न मांडणाऱ्या पुस्तकाशी मतभेदही करता येत नाही. तिथे फक्त भारावून जाता येते.

३

इरावती कर्वे यांच्या लेखनात ही जबाबदारी अधिक गुंतागुंतीची होते, कारण त्यांचे क्षेत्र माणसांचे आहे. १९२७ ते १९३० या काळात बर्लिनमध्ये त्यांनी ऑयगेन फिशर या प्राध्यापकाच्या हाताखाली मानवी कवट्या मोजल्या. वंशानुसार कवटीच्या डाव्या-उजव्या बाजूंत फरक असतो, अशी गुरूची अपेक्षा होती. मोजमापांतून तसे निघाले नाही, आणि इरावतीबाईंनी तसे निघाले नाही असेच लिहिले. गुरूच्या मताविरुद्ध आलेला आकडा तसाच ठेवणे हा नोंदवहीचा पहिला धर्म आहे. ज्यांच्या कवट्या त्या टेबलावर होत्या त्या माणसांना कोणी विचारले होते, हा प्रश्न त्या काळी कोणाच्या मनात येत नव्हता. आज तो विचारल्यावाचून राहवत नाही. १९४०च्या दशकात त्या हसमुख सांकलियांबरोबर उत्तर गुजरातेत, आजच्या मेहसाणा जिल्ह्यातल्या लांघणजला गेल्या. तिथल्या वाळूच्या टेकडीत बारीक दगडी हत्यारांबरोबर अश्मयुगीन माणसांचे सांगाडे मिळाले होते. मेलेल्यांच्या हाडांपासून जिवंतांच्या वाटेपर्यंत असा हा व्याप आहे.

‘वाटचाल’ हा त्यांचा पंढरीच्या वारीवरचा लेख मराठी वाचकाला सांगायला नको. १९६२ साली त्याचा इंग्रजी अनुवाद एका नामवंत संशोधनपत्रिकेत आला, म्हणजे ललित लेख म्हणून जन्मलेल्या या मजकुराला जगाने समाजशास्त्र म्हणूनही मान्यता दिली. असे का व्हावे? माझ्या मते त्याचे कारण त्या लेखातल्या ‘मी’ची जागा पक्की आहे, हे होय. ही बाई कोण, कोणत्या जातीची, कोणत्या दिंडीत चालते, कोणाच्या पंक्तीला बसते, हे सारे लेखात उघड आहे. विठ्ठलाच्या वाटेवरही दिंड्या जातवार चालतात आणि जेवणे वेगळी होतात, हे ती पाहते. तिला ते सलते. आणि आपणही त्याच व्यवस्थेत चालत आहोत हे ती वाचकापासून झाकून ठेवीत नाही. पाहणारा स्वतः चित्रात असला की चित्राचा खरेपणा वाढतो, हे ‘वाटचाल’ने दाखवले.

याच्या शेजारी मी त्यांचे एक रुक्ष पुस्तक ठेवू इच्छितो. कोयना धरणामुळे विस्थापित झालेल्यांची पाहणी त्यांनी व जाई निंबकरांनी केली, आणि ती १९६९ साली प्रसिद्ध झाली. त्यात वारीची लय नाही. घरे, जमिनी, नवी गावठाणे आणि तुटलेली सोयरीक यांचा तो हिशेब आहे. आपण वाङ्मयाच्या इतिहासात ‘वाटचाल’ ठेवतो आणि कोयनेची पाहणी ठेवीत नाही. ते स्वाभाविक आहे. पण एकाच लेखणीने दोन्ही लिहिले, आणि माणसांच्या सुखदुःखाबद्दल लिहिणाऱ्याने कधीतरी त्यांच्या नुकसानीचीही मोजदाद करावी लागते, ही जाण त्या लेखणीला होती, हे आपण ध्यानात घेत नाही.

या जाणिवेने अलीकडे जगभर वेगळे रूप घेतले आहे. आफ्रिका खंडाच्या दक्षिण भागातील सान लोकांच्या जनुकांवर २०१० साली मोठा शोधनिबंध आला. आपल्याविषयी काय लिहिले गेले आणि संमती कशी घेतली गेली, याबद्दल त्या समाजाच्या पुढाऱ्यांना राग आला. २०१७ साली त्यांनी स्वतःच संशोधकांसाठी आचारसंहिता लिहून काढली. आदर, प्रामाणिकपणा, न्याय, काळजी आणि ठरलेल्या रीतीने वागणे, एवढ्याच तिच्या मागण्या आहेत. ज्यांच्यावर लिहिले जात होते त्यांनी आता लिहिणाऱ्यांना नियम घालून दिले. आपल्याकडच्या पाड्यांवर वही घेऊन जाणाऱ्या हौशी लेखकांनी आणि प्राध्यापकांनी हे डोळ्यांसमोर ठेवावे.

४

मारुती चितमपल्ली सोलापूरचे, म्हणजे आपल्या सीमेवरच्याच मुलखातले. २००६ सालच्या सोलापूरच्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. २०२५ साली त्यांना पद्मश्री मिळाली आणि त्याच वर्षी १८ जूनला ते गेले. त्यांच्याविषयी तोंड भरून बोलण्याचे दिवस अजून सरलेले नाहीत, आणि मराठी भाषेवरचे त्यांचे ऋण कोणी नाकारणारही नाही. बगळ्यांच्या वसाहतीला ‘सारंगागार’ आणि कावळ्यांच्या वसाहतीला ‘काकागार’ म्हणायला त्यांनी शिकवले. वनखात्याच्या नोकरीत रानातल्या माणसांकडून त्यांनी हजारो नावे, समजुती, खुणा गोळा केल्या. नवेगावबांधच्या माधवराव पाटलांसारख्या जाणकाराला त्यांनी आपल्या लेखनात मानाची जागा दिली. पक्ष्यांची ओळख करून देणारा माणूस कोण होता हे त्यांच्या वाचकाला कळते, आणि हा मोठा गुण आहे. पुष्कळ लेखकांच्या पुस्तकांतून वाटाड्या शेवटच्या पानापर्यंत ‘एक आदिवासी’ एवढाच उरतो.

पण नोंदवहीच्या दुसऱ्या नियमाशी, म्हणजे पाहिलेले आणि ऐकलेले वेगळे ठेवण्याच्या नियमाशी, चितमपल्लींचे गद्य नेहमीच इमान राखते असे मला म्हणता येत नाही. कावळ्याने घरटे झाडाच्या कोणत्या बाजूला, कोणत्या झाडावर बांधले यावरून पाऊसमान कळते, ही समजूत त्यांच्या लेखनातून व भाषणांतून महाराष्ट्रभर पोचली. ती लोकांची समजूत म्हणून मोलाची आहे. ती खरी आहे की नाही हेही तपासता येण्यासारखे आहे. एका तालुक्यातली कावळ्यांची घरटी दहा वर्षे मोजावीत आणि शेजारी पर्जन्यमापकाचे आकडे ठेवावेत. मात्र चितमपल्लींच्या वाक्यात ती समजूत आणि त्यांनी दुर्बिणीतून टिपलेली हालचाल एकाच सुरात, एकाच आत्मविश्वासाने येतात. ‘असे म्हणतात’ आणि ‘असे मी पाहिले’ यांतले अंतर त्या सुंदर, संथ गद्यात विरघळून जाते.

यात लोकज्ञानाचा मान राखला जातो असे कोणी म्हणेल. मला उलट वाटते. लोकांचे म्हणणे लोकांच्या नावावर ठेवणे, ते कोणी, कुठे, केव्हा सांगितले ते लिहिणे, यात खरा मान आहे. लेखकाच्या सुरात ते मिसळले की ते लेखकाचे होते, आणि चुकीचे ठरले तर कोणाचेच राहत नाही.

५

आता आपल्या अगदी दाराशी घडलेल्या एका प्रकरणाकडे वळतो. बेळगावहून धारवाड दोन तासांच्या आत येते. १९६१ ते १९६३ या काळात युकिमारू सुगियामा हे जपानी शास्त्रज्ञ धारवाडच्या आसपासच्या रानांत वानरांच्या, म्हणजे ज्याला आपण हनुमान वानर म्हणतो त्यांच्या, टोळ्यांचा अभ्यास करीत होते. बाहेरचे नर एखाद्या टोळीवर चालून येतात, तिथल्या नराला हाकलतात, आणि मग टोळीतली अंगावरची पिल्ले मारली जातात, हे त्यांनी तिथे पाहिले आणि जगाला सांगितले. वानरांच्या अभ्यासाला या निरीक्षणाने नवे वळण मिळाले.

सुगियामा एवढ्यावर थांबले नाहीत. दुसऱ्या एका टोळीत एकच प्रौढ नर होता. पुढे काय होते ते पाहण्यासाठी त्यांनी तो नर टोळीतून काढून घेतला. शेजारच्या टोळीतला नर आत शिरला आणि पिल्ले मारली गेली. १९६६ साली प्रसिद्ध झालेल्या निबंधाच्या शीर्षकातच त्यांनी या बदलाला ‘कृत्रिम’ म्हटले आहे. म्हणजे हिशेब स्वच्छ आहे. काही लपवलेले नाही. तरीही वाचताना थांबावेसे वाटते. जी गोष्ट निसर्गतः घडताना एकदा पाहिली होती, ती पुन्हा घडवून आणण्यासाठी दिलेली ही किंमत होती, आणि ती टोळीतल्या माद्यांनी व पिल्लांनी भरली.

यात शास्त्राचेही नुकसान आहे. पुढे सारा हर्डी यांनी राजस्थानातील अबूच्या वानरांवर अभ्यास करून १९७७ साली पुस्तक लिहिले आणि पिल्ले मारणे हा नराच्या वंशवृद्धीचा एक डाव आहे असे मांडले. उलट बाजूचे अभ्यासक म्हणू लागले की हा डाव नव्हे, ही गर्दीने आणि माणसाच्या ढवळाढवळीने बिघडलेली वागणूक आहे. हा वाद बरीच वर्षे चालला. अशा वादात, ज्या घटनेत माणसाचा हात आहे ती साक्षीला उभी करता येत नाही. रानाला धक्का न लावणे ही केवळ दया नव्हे; खरे कळण्याची ती अटही आहे.

याच विषयावर १९८२ साली व्यंकटेश माडगूळकरांची ‘सत्तांतर’ ही छोटी कादंबरी आली, आणि पुढच्या वर्षी तिला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. वानरांच्या टोळ्या, त्यांच्या हद्दी, नरांचा संघर्ष आणि त्यात पिल्लांचा जाणारा बळी, हा तिचा आशय आहे. आणीबाणी उठून पाच वर्षे झाली होती. शीर्षकामुळे वाचकांनी तिच्यात राजकारण वाचले असल्यास नवल नाही. पण तिचे खरे बळ निरीक्षणात आहे. माडगूळकर वानरांना माणसे करीत नाहीत. त्यांच्या तोंडी संवाद घालत नाहीत. निवेदक त्या पिल्लांना वाचवायला धावत नाही आणि गळाही काढत नाही. ज्याने पुष्कळ काळ लांबून, निमूटपणे पाहिले आहे, त्याचेच हे गद्य असू शकते.

सुगियामांचा निबंध आणि ‘सत्तांतर’ शेजारी ठेवून वाचले की ललित वाङ्मयाचे एक काम मला स्पष्ट दिसते. जो प्रयोग रानात करू नये तो कादंबरीत करता येतो. कल्पनेत नर हलवता येतो, टोळी मोडता येते, सत्ता उलथता येते. धारवाडच्या रानात तोच नर हलवला की पिल्ले मरतात. काय कल्पनेत करायचे आणि काय प्रत्यक्षात करायचे यांतला विवेक ज्याला आहे तो लेखक, आणि त्यालाच मी जबाबदार संशोधकही म्हणेन.

६

हा सारा ऊहापोह पुस्तकांपुरता राहिला असता तर मी तो इतक्या तपशिलाने केला नसता. पण पुस्तके वाचून मुले बाहेर पडतात. आज ठिकठिकाणी निसर्गशिबिरे भरतात, गणना होतात, महाविद्यालये विद्यार्थ्यांना अभ्याससहलीला नेतात. हे चांगलेच आहे. मात्र त्या मुलांच्या हाती आपण मराठी लेखकांनी दिले काय? आपण त्यांना ‘रानवेडा’ दिला. बेभान होणे, झोकून देणे, वाट चुकणे, अंधारात एकट्याने बसणे यांचे मोहक चित्र दिले. नोंदवहीचे पहिले पान दिले नाही.

या संदर्भात बडोद्याच्या हरणी या भागाविषयी लिहिणे मला आवश्यक वाटते. माझी धाकटी बहीण लग्न होऊन तिकडे गेली, म्हणून माझे तिथे जाणे-येणे असते. भीडभंजन मारुतीचे जुने देवस्थान आणि शहराचा विमानतळ यांसाठी हरणी ओळखली जाते. समा आणि हरणी यांच्यामधून विश्वामित्री वाहते. पावागडाकडून येणाऱ्या आणि थेट शहराच्या वस्तीतून जाणाऱ्या या नदीत मगरी आहेत. माणसांच्या इतक्या दाट वस्तीत मगरींनी टिकून राहावे असे ठिकाण देशात शोधून सापडायचे नाही. २०२४च्या ऑगस्टमधील पुरात पाणी वस्त्यांत शिरले तेव्हा मगरीही रस्त्यांवर आणि अंगणांत आल्या. २०२५च्या फेब्रुवारीत तिथे त्यांची रीतसर गणना झाली.

आणि याच हरणीत मोटनाथ तलाव आहे. १८ जानेवारी २०२४ रोजी शाळेच्या सहलीला आलेली मुले तिथे नावेत बसली. नाव उलटली. बारा विद्यार्थी आणि दोन शिक्षिका बुडाल्या. नावेत झेपतील त्याहून अधिक माणसे होती, आणि अनेकांच्या अंगात तरंगण्याची जॅकेटे नव्हती. ती सहल होती, संशोधन नव्हे, हे मला कळते. परंतु दुसऱ्याच्या लेकरांना उघड्या निसर्गात घेऊन जाणाऱ्याची जबाबदारी सहलीत एक आणि संशोधनात दुसरी असत नाही. किती जण आहेत, कशात बसणार, कोण सांभाळणार, परत कधी येणार. जे पहिल्या पानावर लिहायचे असते तेवढेच तिथे हवे होते.

माझी भाची प्राणिशास्त्राची विद्यार्थिनी आहे. तिने विश्वामित्रीच्या काठाने केलेल्या निरीक्षणांची वही मागच्या खेपेस मला वाचायला दिली. समीक्षकाच्या सवयीने मी ती एखाद्या पुस्तकासारखी वाचली. पहिल्या पानावर असे होते: रविवार, सकाळी सात-दहा, आकाश स्वच्छ, थंडी. आम्ही चौघे. काठावर उतरायचे नाही, पुलावरून व वरच्या रस्त्यावरूनच पाहायचे. परत साडेनऊला. घरी सांगितले आहे, सरांना सांगितले आहे.

पुढे मगरी. हिवाळ्यात त्या ऊन खायला काठावर येतात, म्हणून सकाळच्या उन्हात मोजणी सोपी जाते. रात्री विजेरीच्या झोतात त्यांचे डोळे चमकतात, पण नुसत्या डोळ्यांवरून जनावर केवढे ते नेमके कळत नाही. म्हणून रात्रीचा आकडा आणि दिवसाचा आकडा वेगळ्या रकान्यांत ठेवतात, हे मला त्या वहीवरूनच समजले. तिची नोंद होती: दिसल्या तीन, चौथे लाकूड असावे, वीस मिनिटांत हलले नाही. त्याखाली: काठाला राहणाऱ्या मावशी म्हणाल्या, काल संध्याकाळी मोठी मगर वर आली होती, ऐकीव. मावशींचे नाव तिने त्यांना विचारून लिहिले आहे. ते मी येथे छापणे योग्य होणार नाही. आणखी एका पानावर फेब्रुवारीतली नोंद होती: एके ठिकाणी काठाची माती उकरलेली दिसली, अंडी घालण्याचे दिवस आहेत, जागा लिहीत नाही, सरांना तोंडी सांगेन.

मी तिला म्हणालो, “अगं, जागाच लिहिली नाहीस तर या नोंदीचा उपयोग काय?”

ती म्हणाली, “मामा, वही कोणाच्याही हातात जाते. आणि हल्ली फोटो टाकला की दुसऱ्या दिवशी पन्नास माणसं तिथं उभी असतात. ज्यांना माहीत असायला हवं त्यांना माहीत आहे की.”

‘जागा लिहीत नाही’ हे वाक्य मला फार मोलाचे वाटते. मगरीला १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीचे संरक्षण आहे. पण कायदा नदीच्या प्रत्येक वळणावर उभा राहू शकत नाही. तिथे अशी न लिहिलेली ओळच उभी राहते. काय सांगू नये हे कळणे हा साहित्यिक गुण आहे, असे आपण संयत शैलीचे कौतुक करताना नेहमी म्हणतो. येथे त्या संयमावर एका जनावराची अंडी अवलंबून आहेत, एवढाच फरक. ‘चौथे लाकूड असावे’ या नोंदीतही असाच गुण आहे. चार लिहिल्या असत्या तर गोष्ट अधिक रंगली असती. मुलीने तीन लिहिल्या आणि चौथ्याची शंका शंका म्हणूनच ठेवली. चितमपल्लींच्या गद्याविषयी मी वर जी तक्रार केली, तिचे उत्तर या एका ओळीत आहे.

७

तेव्हा निसर्गलेखनाच्या समीक्षेत आपण तीन प्रश्न घालावेत असे मी सुचवतो. पहिला, या पुस्तकात पाहिलेले, ऐकलेले आणि मानलेले वेगळे ओळखू येते काय? दुसरा, ज्यांनी वाट दाखवली, माहिती दिली, जेवू घातले, त्यांना पुस्तकात नाव आणि जागा आहे काय, आणि ज्यांचे नाव झाकायला हवे होते त्यांचे झाकले आहे काय? तिसरा, लेखकाच्या जाण्याने त्या जागेचे, त्या जनावराचे, बरोबरच्या माणसांचे काय झाले, याचा हिशेब कुठे लागतो काय? या प्रश्नांनी सलीम अलींची उंची कमी होत नाही, ‘वाटचाल’ अधिक मोठी वाटू लागते, ‘सत्तांतर’च्या निर्लेप निवेदनाचे कारण कळते, आणि चितमपल्लींवर प्रेम करूनही त्यांच्याशी भांडता येते. समीक्षेच्या निकषाने याहून अधिक काय करावे?

शैलीचे प्रश्न यामुळे मागे पडतील अशी भीती मला वाटत नाही. ‘आम्ही निघालो’ या वाक्यातला ‘आम्ही’ म्हणजे किती जण, हे ज्या लेखकाला ठाऊक असते त्याचे वाक्य आपोआप वेगळे पडते. संपादकांनी आणि प्रकाशकांनी रानावनातून आलेले नवे हस्तलिखित स्वीकारताना लेखकाला एकदा विचारावे, “तुमची नोंदवही आहे ना?” ती छापायची नाही. फक्त तिचे पहिले पान उघडून पाहायचे. त्यावर किती जण गेले आणि किती जण परत आले, हे लिहिलेले असले म्हणजे पुढचे वाचायला घ्यावे.